लाइपझिगच्या सोनूस, झेमोविषयी

शहादा,
कोजागिरीनंतरचा शनिवार

चि. सोनूस,

फराळाचं पार्सल मंगळवारी इथून निघालं. चकल्या, शंकरपाळे, बेसनाचे लाडू आणि तुझ्या आईने हट्टाने घातलेली जाड तिखट शेव. खोकं जड झालं म्हणून अनारसे काढावे लागले, तर तिने दिवसभर तोंड पाडलं होतं. लाइपझिगच्या विमानतळावर डीएचएलचं मोठं केंद्र २००८ पासून आहे, हे तूच सांगितलं होतंस. तेव्हा रात्रपाळीला तू ज्या पट्ट्यावरून खोकी उचलतोस, तिथे एखाद्या रात्री आपल्या शहाद्याचा पत्ताही दिसेल. इकडे परतीच्या पावसाने वेचणीला आलेला कापूस भिजवला. काकांची पपई मात्र उभी आहे. आईचा गुडघा बरा आहे. फोनवर सांगते तितका बरा नाही, पण त्याची काळजी नको.

काळजी मला तुझी लागली आहे, राजा.

परवा रात्रीचा तुझा तो लांब मेसेज. प्रोजेक्टमधल्या जोडीदाराने अख्ख्या सेमिस्टरची तुझी मेहनत स्वतःच्या नावावर सरांसमोर मांडली, आणि जर्मन तोकडी पडते म्हणून तू तिथेच बसून गप्प राहिलास. वाचून पोटात कालवलं रे. राग यायलाच हवा. आला नसता तर मला जास्त वाईट वाटलं असतं. पण शेवटी तू लिहिलंस की मावशी, झेमोचंच बरोबर होतं, ताकद नसलेल्या माणसाने तसंच करायचं असतं. माझ्याकडे त्याचे सगळे स्क्रीनशॉट एका फोल्डरमध्ये जमा आहेत, त्याच्या बाकीच्याही भानगडी आहेत, वेळ आली की एकदम बाहेर काढीन. हे ‘वेळ आली की’ माझ्या डोक्यातून जात नाही.

सिनेमातला खलनायक असला तरी झेमो मला परका नाही. २०१६ च्या मेच्या सुट्टीत तुम्हा दोघा भावंडांना नाशिकला नेऊन ‘कॅप्टन अमेरिका: सिव्हिल वॉर’ दाखवला तो मीच. हिंदीतला होता. नाव एकट्या कॅप्टनचं, पण पडद्यावर सगळी पलटणच होती. विमानतळावरची मारामारी सुरू झाली आणि तो अँट-मॅन विमानाहून उंच झाला तेव्हा तू खुर्चीवर उभा राहिलास, मागच्या माणसाने हटकलं तरी बसेनास. ती मारामारी लाइपझिग-हाले विमानतळावर चित्रित झाली होती, २०१५ च्या उन्हाळ्यात. आणि आज तू पोटापाण्यासाठी त्याच विमानतळावर रात्री जागतोस. तेव्हा चौदा वर्षांच्या पोराला कोपऱ्यातला तो शांत, नीटनेटका माणूस दिसलाही नसेल. आता दिसतो. तुझा मेसेज आल्यावर तुझ्या बहिणीला मी लॅपटॉपवर सिनेमा पुन्हा लावायला सांगितला, आणि या खेपेला बाकीच्यांची उड्डाणं सोडून त्याच्याचकडे बघत राहिले.

ते काम करणारा डॅनिएल ब्रुल तुझ्या जर्मनीचाच नट, बार्सिलोनात जन्मलेला आणि कोलोनला वाढलेला. कॉमिकमधला झेमो म्हणजे मुखवटा घातलेला सरदार, नाझी शास्त्रज्ञाचा मुलगा. तो दुष्ट का, हे विचारायची गरजच नाही. सिनेमा लिहिणाऱ्यांनी त्याचा मुखवटा काढला आणि त्याला घर दिलं. बाप, बायको, लहान मुलगा. सोकोव्हिया या काल्पनिक देशात ॲव्हेंजर्स ही वीरांची टोळी अल्ट्रॉन या यंत्रमानवाशी लढत होती तेव्हा हे सगळे शहराबाहेर बापाच्या घरी होते. लढाई तिकडे शहरात चालली आहे, आपण लांब आहोत, असं त्याने बायकोला समजावलं होतं. पोरगा खुशीत होता, कारण गाडीच्या खिडकीतून त्याला आयर्न मॅन दिसत होता. मग सगळं कोसळलं. दोन दिवस तो ढिगाऱ्यात शोधत होता. सापडले तेव्हा म्हाताऱ्याने सून आणि नातू दोघांना कवेत धरलेलं होतं. आणि ज्यांच्या लढाईत हे झालं ते वीर आपापल्या घरी निघून गेले होते.

हे तो सांगतो तेव्हा आवाजही चढवत नाही. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, खोटं कशाला सांगू. खिडकीला नाक लावून आयर्न मॅन बघणारं ते पोर म्हणजे खुर्चीवर उभा राहिलेला तूच वाटलास मला. तेव्हा झेमोचं दुःख खोटं आहे असं मी तुला कधीच म्हणणार नाही. त्याचा आरोपही खरा आहे. एवढी ताकद असलेल्या माणसांना कुणी जाब विचारायचा की नाही, हा प्रश्न सिनेमाने उगाच घातलेला नाही. ११७ देश मिळून त्यांच्यावर करार लादू बघतात. टोनी, म्हणजे आयर्न मॅन, म्हणतो, मान्य करू. कॅप्टन म्हणतो, नको, उद्या ते आपल्याला भलतीकडे पाठवतील. दोघांच्याही बोलण्यात तथ्य आहे, म्हणून तर मित्रामित्रांत फूट पडते. कॅप्टनचं पारडं सिनेमाने जरा जास्तच जड ठेवलं आहे असं माझं मत. ज्याच्या हातात ताकद आहे त्याने ‘माझा हेतू चांगला आहे’ एवढ्यावर भागवू नये.

पण बाळा, आता त्या बर्लिनच्या हॉटेलच्या खोलीत चल. झेमो फोनवर बायकोचा जुना निरोप ऐकत असतो. साधाच निरोप, मुलाबद्दलचा, घरातला. आणि न्हाणीघरात टबामध्ये एका डॉक्टरचं प्रेत असतं. तो मानसोपचाराचा डॉक्टर, कैदेतल्या बकीला, कॅप्टनच्या जुन्या मित्राला, तपासायला यायचा होता. झेमोला त्याचं नाव आणि त्याचे कागद हवे होते, म्हणून तो मेला. नाश्त्याचा ट्रे घेऊन हॉटेलवाली बाई आत येते आणि तिला ते दिसतं. त्या डॉक्टरला बायको होती का, त्याचाही कुणी कुठे निरोप जपून ठेवला असेल का, हे सिनेमा सांगत नाही आणि झेमो विचारत नाही. सोकोव्हियाशी त्या बिचाऱ्याचा काय संबंध होता? झेमोने व्हिएन्नात ठेवलेल्या बॉम्बमध्ये मेलेल्यांचा काय संबंध होता? तिथे वाकांडाचा राजा मुलाच्या डोळ्यांदेखत गेला, आणि जे ढिगाऱ्यात झेमोने सोसलं तेच त्या मुलाच्या, टी’चालाच्या वाट्याला झेमोने आणून ठेवलं. आपलं माणूस गेलं की काय होतं हे ज्याला सगळ्यात जास्त ठाऊक, त्यानेच ते केलं. मला त्याची भीती वाटते ती इथे.

सिनेमात सोकोव्हियाचं दुःख भोगणारं आणखी एक माणूस आहे, आणि तुम्हा पोरांच्या गप्पांत तिचं नाव निघत नाही. सुरुवातीला कॉलेजातलं भाषण आटोपून टोनी लिफ्टजवळ येतो, तिथे एक बाई उभी असते. आल्फ्रे वुडर्डने केलेलं छोटंसं काम आहे. तिचा तरुण मुलगा सोकोव्हियात समाजकार्याला गेला होता, तो तिथेच मेला. ती टोनीला गाठते, मुलाचा फोटो त्याच्या छातीवर ठेवते आणि तोंडावर सांगते की माझ्या मुलाच्या मरणाला मी तुला जबाबदार धरते. एवढंच. एका बाईच्या त्या दोन मिनिटांच्या बोलण्याने टोनी स्टार्क हलतो, तो फोटो सगळ्या टोळीसमोर ठेवतो आणि करारावर सही करायला निघतो. म्हणजे ज्या वीरांना जाब विचारायचा होता तो तिने विचारला, आणि त्याचा परिणामही झाला. तिच्याकडेही ताकद नव्हती, राजा. तिचं दुःख झेमोपेक्षा कमी नव्हतं. तिने ते ज्याचं त्याच्या पुढ्यात नेऊन ठेवलं. मला विचारशील तर अख्ख्या सिनेमात तिच्याइतकं धैर्य कुणी दाखवलेलं नाही.

२०१२ च्या पहिल्या ‘ॲव्हेंजर्स’मध्येही असाच एक म्हातारा होता, आठवतो? त्यातला खलनायक लोकी सगळ्या गर्दीला गुडघ्यावर बसवतो आणि तो एकटा कण्हत उठून उभा राहतो. प्रसंग तुझ्या जर्मनीतला, श्टुटगार्टचा. चित्रीकरण मात्र अमेरिकेत क्लीव्हलँडला झालं. लोकीच्या दुखण्यात मला फारसा दम वाटत नाही. थोरल्या भावावर बापाचा जीव जास्त, ही तक्रार घरोघरी असते. तो म्हातारा मात्र लक्षात राहिला.

आता आपल्या इकडचं सांगते. पुढच्या आठवड्यात धनत्रयोदशीला अस्तंभ्याची, म्हणजे अश्वत्थाम्याच्या डोंगराची, यात्रा. पोरं आतापासूनच जाण्याची तयारी करताहेत, आपल्या गल्लीतूनही दोघे-तिघे निघालेत. लहानपणी तू मला विचारायचास, मावशी, अश्वत्थामा खरंच सातपुड्यात फिरतो का, आणि डोक्याच्या जखमेला तेल मागतो का. मी म्हणायचे, मागतो. त्याचा बाप कपटाने मारला गेला होता, हत्यार खाली ठेवलेला बाप. त्याचा संताप खोटा म्हणणारा माणूस मला भेटायचा आहे. पण त्याने रात्री झोपलेल्यांच्या छावणीत शिरून द्रौपदीची पाच पोरं मारली. भागवतात पुढे असं येतं की अर्जुनाने त्याला बांधून आणला, तेव्हा द्रौपदीच म्हणाली, सोडा त्याला, मी रडते तशी त्याच्या आईने रडू नये. सिनेमाच्या शेवटी झेमो स्वतःवर पिस्तूल रोखतो आणि टी’चाला त्याचा हात धरतो, तिथे मला ती द्रौपदी आठवली.

आणि अश्वसेन. खांडववन कृष्णार्जुनांनी जाळलं, त्यात तक्षक नागाची बायको मेली, लेक निसटला. वीरांच्या पराक्रमात ज्याचं घर जळलं असा आपल्या गोष्टींमधला झेमो म्हणजे हा अश्वसेन. इरावतीबाई कर्व्यांनी ‘युगान्त’मध्ये त्या वणव्याबद्दल फार परखडपणे लिहिलं आहे, अर्जुनाचा पराक्रम म्हणून त्यांनी तो सोडून दिला नाही. पुढे युद्धात हा अश्वसेन कर्णाच्या भात्यात गुपचूप शिरून बसला आणि बाणावरून अर्जुनाकडे गेला. नेम चुकला, मुकुट तेवढा गेला. तो परत येऊन कर्णाला म्हणाला, मला पुन्हा सोड. आणि कर्ण नाही म्हणाला! जन्मभर अपमान गिळलेला माणूस, समोर हाडवैरी, मरण दारात. तरी दुसऱ्याच्या बळावर मला जय नको, म्हणाला. तुझ्यासाठी कर्ण म्हणजे ‘मृत्युंजय’मधला अन्याय सोसलेला कर्ण, हे मला माहीत आहे, दहावीच्या सुट्टीत तू ते पुस्तक उशाशी घेऊन झोपायचास. त्या अन्यायाबरोबर त्याचं हे ‘नाही’ही लक्षात ठेव.

इरावतीबाईंचं नाव निघालंच आहे तर हेही ऐक. त्या १९२८ मध्ये बर्लिनला शिकायला गेल्या, तुझ्यासारख्याच ऐन तारुण्यात. कैसर विल्हेल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऑयगेन फिशर हे त्यांचे गुरू, त्या काळातलं मोठं प्रस्थ. गोऱ्यांच्या कवटीच्या दोन बाजू इतरांपेक्षा जास्त असमान असतात आणि त्याचा त्यांच्या बुद्धीच्या श्रेष्ठपणाशी संबंध आहे, असा त्यांचा कयास. इरावतीबाईंनी कवट्या एकेक करून मोजल्या. तसं काही निघालं नाही. आणि निघालं नाही असंच त्यांनी प्रबंधात लिहून गुरूंच्या हातात दिलं. पुढे हेच फिशर नाझी राजवटीच्या वंशविचाराचे पाठीराखे झाले. तू विचार कर, परका देश, परकी भाषा, पदवी ज्याच्या हातात त्याच्याच मताविरुद्ध जायचं. त्यांनी ती मापं पदवी मिळेपर्यंत दडवून नंतर गुरूंची फजिती करायचा बेत केला नाही. ज्याला सांगायचं त्याला, त्या वेळी, लेखी सांगितलं.

तू राहतोस त्या गावाविषयी मी इथे बसून बरंच वाचलं आहे, तुझ्यामुळे. गोटशेडश्ट्रासेवर कांस्याच्या १४० रिकाम्या खुर्च्या ओळीने मांडलेल्या आहेत ना? तिथे ज्यूंचं सिनेगॉग होतं, १९३८ च्या ९ नोव्हेंबरच्या रात्री नाझींनी जाळलं. बेकारीने आणि महागाईने पिचलेल्या, पहिल्या महायुद्धानंतर व्हर्सायच्या तहाने मान खाली घालायला लावलेल्या लोकांच्या मनातला सल खरा होता. १९२३ मध्ये पावासाठी नोटांच्या थप्प्या न्याव्या लागत होत्या, ते काही कुणी रचून सांगितलेलं नाही. त्या खऱ्या दुखण्याचा हिशेब कुणाकडून वसूल केला गेला ते त्या खुर्च्यांवरून कळतं. लाइपझिगच्या ज्यू शिंप्यांनी, दुकानदारांनी, शाळेतल्या पोरांनी कुणाचं काय केलं होतं? एकदा सवड काढून तिथे जा. माझ्यासाठी जा. पाच मिनिटं एखाद्या खुर्चीवर बस.

आणि त्याच गावाने दुसरंही करून दाखवलं. परवा ९ ऑक्टोबरला तू मेणबत्त्यांनी लिहिलेल्या ८९ च्या आकड्याचा फोटो पाठवलास आणि खाली लिहिलंस, गर्दी खूप होती, ट्राम बंद होत्या. १९८९ च्या त्या सोमवारी निकोलाय चर्चमधून निघालेल्या मोर्चात सत्तर हजारांवर माणसं होती. पोलीस आणि सैनिक सज्ज होते, इस्पितळांना जादा रक्त तयार ठेवायला सांगितलं होतं. पूर्व जर्मनीच्या कम्युनिस्ट राजवटीविरुद्ध चाळीस वर्षांचा राग होता लोकांच्या पोटात. एक जरी दगड सुटला असता तर काय झालं असतं सांगता येत नाही. तो सुटला नाही, गोळीही सुटली नाही. डिसेंबरच्या ४ तारखेला त्याच लोकांनी गुप्तपोलिसांची ती गोल कोपऱ्याची इमारत ताब्यात घेतली, तीही मारहाण न करता, फायली जाळल्या जाऊ नयेत म्हणून.

त्या फायलींचं पुढे काय झालं हे मला तुला मुद्दाम सांगायचं आहे. सगळ्या पूर्व जर्मनीतल्या मिळून ओळीने लावल्या तर १११ किलोमीटर भरतील एवढे कागद. कोणी कोणावर नजर ठेवली, कोणाच्या चुगल्या कोणी केल्या, सगळं त्यात. बऱ्याच जणांचं म्हणणं होतं, उघडू नका, रस्त्यात मुडदे पडतील. १९९१ च्या डिसेंबरात कायदा झाला, जानेवारीपासून ज्याची फाइल त्याला वाचायला मिळू लागली. आंदोलनातल्या एका प्रसिद्ध कार्यकर्तीला तिच्या फाइलमध्ये आढळलं की तिच्यावर पाळत ठेवणारा तिचा स्वतःचा नवरा होता. मैत्र्या तुटल्या, संसार मोडले, काहींच्या नोकऱ्या गेल्या. पण ज्या खूनबाजीची भीती घातली होती ती झाली नाही.

सिनेमाच्या शेवटी येणारी टेपही १९९१ च्या डिसेंबरातलीच, १६ तारखेची. टोनीच्या आईबापांना बकीने कसं मारलं त्याची. सायबेरियातल्या तळघरात झेमो ती लावतो, टोनी आणि कॅप्टन हे दोन मित्र आणि तो बकी शेजारी-शेजारी उभे असताना. सोनू, टेप खरी होती. एक अक्षर खोटं नव्हतं. झेमोने वर्षभर खपून खरी गोष्ट शोधली आणि ती अशा जागी, अशा घटकेला दाखवली की तिने माणसं एकमेकांच्या जिवावर उठावीत. बकीचं डोकं दुसऱ्यांनी ताब्यात घेतलं होतं, हे टोनीला ठाऊक असूनही तो थांबू शकला नाही. कॅप्टनची चूक तिथे आहे. त्याला कळलं होतं, त्याने मित्राला सांगितलं नाही. वेळेवर, नीट बसून, हातात हात घेऊन सांगितलं असतं तर झेमोच्या हाती काय उरलं असतं? एक जुनी टेप.

तुझ्या फोल्डरमध्येही खऱ्याच गोष्टी असतील. मी त्यावर संशय घेत नाही. पण खरी गोष्ट दडवून ठेवून, समोरचा पुरता पडेल असा दिवस शोधत बसलास की ती गोष्ट तुझ्या न्यायाची राहत नाही. आणि ‘त्याच्या बाकीच्याही भानगडी’ असं तू लिहिलंस, त्याने तर मी दचकलेच. तुझा प्रोजेक्ट त्याने लाटला, हे तुझं गाऱ्हाणं. त्याच्या घरच्या, त्याच्या मैत्रिणीच्या, त्याच्या पैशाच्या भानगडींशी तुझा काय संबंध? न्हाणीघरातला तो डॉक्टर इथूनच सुरू होतो, बाळा. टी’चालाचंही बघ ना, बॉम्ब बकीने ठेवला असं समजून अर्धा सिनेमा तो चुकीच्या माणसाच्या मागे धावतो. जरा आधी गाठ पडली असती तर निरपराध माणूस मारून बसला असता आणि बापाला न्याय दिला म्हणून घरी गेला असता.

आपल्या नात्यातले एक आजोबा तुला आठवतील, नाव लिहीत नाही. शेजाऱ्याने त्यांचा बांध कोरला होता. खरंच कोरला होता, मोजणीतही निघालं. निकाल त्यांच्या बाजूने लागला, जमीन परत मिळाली, तरी लोखंडी पेटीतले ते कागद त्यांनी मिटवले नाहीत. लग्नात पंगतीला बसले तरी बांधाचीच गोष्ट. लेकीच्या बाळंतपणाचा निरोप आला तेव्हा ते तालुक्याला जुन्या नकला काढायला गेले होते. मेल्यावर पेटी उघडली, तर त्यात शेजाऱ्याच्या मुलांच्या, नातवांच्या नावांचे कागदसुद्धा लावून ठेवलेले. ती नातवंडं बांध कोरला तेव्हा जन्मलीही नव्हती. माझे वडील तेव्हा फक्त एवढंच म्हणाले की त्याने आयुष्य शेजाऱ्याला देऊन टाकलं.

तेव्हा आता मी सांगते तसं कर. लगेच कर, दिवाळीनंतर नको. प्रोजेक्टच्या कामाचे जेवढे पुरावे आहेत तेवढेच वेगळे काढ: तुझ्या फायली, त्यांच्या तारखा, तुमच्यातले कामापुरते मेल. बाकीचं सगळं पुसून टाक. मनातल्या मनात ठरवून ठेवलेला तो दिवसही पुसून टाक. मग आधी त्या मुलाला समोर बसवून सांग की हे काम माझं आहे आणि मी ते सरांना सांगणार आहे. जर्मन अडली तर इंग्रजीत सांग, आवाज कापला तरी चालेल. त्यानंतर सरांकडे जा. तिथे ऐकलं गेलं नाही तर ओम्बुड्सपर्सनकडे जा. संशोधनातली अशी लबाडी ऐकून घ्यायला जर्मनीतल्या विद्यापीठांत ही व्यवस्था १९९८ मध्ये डीएफजी या संशोधनाला निधी देणाऱ्या संस्थेने शिफारशी केल्या तेव्हापासून आहे, आणि तिथलं बोलणं गुप्त ठेवतात. विद्यार्थी परिषदेचे लोकही सोबत येतात, पत्र लिहून देतात. झेमोला विचारायला दार नव्हतं असं म्हणता येईल. तुला आहे. ते न ठोठावता तू त्याच्या वाटेने का जावंस?

कदाचित निकाल तुझ्या बाजूने लागणार नाही. गुण गेलेले परत मिळणार नाहीत. तेवढं सोसायची तयारी ठेव, आम्ही सगळे आहोत. पैशाची ओढ असेल तर सांग, रात्रपाळ्या कमी कर. झोप नसली की माणसाला आपलं दुखणं दुप्पट दिसतं, हे शाळेत इतकी वर्षं पोरं बघून मी सांगते. आणि लाडू त्या मुलालाही दे असं मी म्हणणार नाही, एवढी काही मी संत नाही. पण खोलीतल्या बाकीच्या पोरांना आठवणीने दे. शेव हवाबंद डब्यात ठेव, तिकडच्या दमट हवेत मऊ पडते.

अँट-मॅन बघून खुर्चीवर उभं राहणाऱ्या माझ्या पोराने कुणाच्या पडण्याची वाट बघत रात्री काढाव्यात, हे मला सहन होत नाही. तुला कुणी हीन लेखलं असेल तर तो हीन. तू त्याच्या मागे मागे जाऊ नकोस.

सोमवारी सकाळी सरांच्या कार्यालयाची वेळ बघून घे आणि भेट ठरव. ठरली की मला एक ओळ लिही, मग कितीही वाजलेले असोत.

तुझी,
मावशी